शेवटच्या नळाचा आकडा

मी एक पेटी बोलतेय. चष्म्याच्या घरापेक्षा थोडी मोठी, निळ्या प्लॅस्टिकची. पोटात एक काचेची नळी, औषधाची इवलीशी बाटली आणि झाकणाच्या आत फिकट ते गडद पिवळ्या रंगांची पट्टी. नळीत नळाचं पाणी घ्यायचं, औषधाचे थेंब टाकायचे. पाण्यात जंतू मारणारं क्लोरीन शिल्लक असेल तर पाणी पिवळं होतं. नसेल तर नाही. एवढंच माझं शिक्षण.

नियम असा, की गावातल्या अगदी शेवटच्या नळालाही लिटरमागे निदान शून्य पॉइंट दोन मिलिग्रॅम क्लोरीन मिळायला हवं. हा नियम ठरवायला म्हणे मोठमोठी शहाणी माणसं वर्षानुवर्षं बसली होती. तो पाळला जातो का हे बघायला मात्र एकच माणूस होता, आणि तोही बसलेलाच असायचा.

तो म्हणजे माझा मालक, पाणी खात्याचा तपासनीस. रोज सकाळी तो वही उघडायचा, मला उघडायचा नाही. वीस नळांसमोर वीस वेळा ‘०.२’ लिहायचा, तेही मोत्यासारख्या अक्षरात. फारच एकसारखं दिसायला लागलं, तर मधेच एखादा ‘०.३’. खात्यात त्याला सगळे पॉइंटराव म्हणत. तो हसून साजरं करायचा.

माणूस वाईट नव्हता. सुरुवातीला मला खिशात घालून गल्लोगल्ली हिंडायचा. पण ती वही कुणी वाचतच नाही हे त्याच्या लक्षात आलं, आणि पायांनी संप केला. घरी बायको पाणी खळखळून उकळायची. म्हणायची, “तुमची वही तुमच्यापाशी, माझं पातेलं माझ्यापाशी.” आणि तो तेच उकळलेलं पाणी प्यायचा.

अशी अकरा वर्षं मी खणात काढली, तुटक्या पेन्सिलींच्या शेजाराला.

मग वरून एक पत्रक आलं. यापुढे प्रत्येक आकड्यापुढे त्या घरातल्या माणसाची सही हवी. खोटा आकडा लिहिणारा माझा मालक खोटी सही करण्याइतका निर्ढावलेला नव्हता. त्याने निमूटपणे मला पुसलं, औषधाची नवी बाटली घातली आणि आम्ही निघालो.

एकोणीस नळ निभावले. विसावा नळ चढावरच्या गल्लीत, अगदी टोकाच्या घरी. तिथे कपडे शिवणारी एक बाई राहायची. गल्ली तिला ताई म्हणायची. गळ्यात मापाची टेप, तोंडात टाचणी. तिने टाचणी काढून विचारलं, “आज वाट चुकलात का, भाऊ?”

“पाणी तपासायचंय ताई. दोन मिनिटांचं काम. इथे सही करा, तोवर मी बघतो.”

“आधी बघा. माप न घेता मी कुणाचा ब्लाउज शिवत नाही.”

त्याने थेंब टाकले. मी जीव एकवटून वाट पाहिली. पाणी होतं तसंच राहिलं, काचेसारखं स्वच्छ. त्याने नळी हलवली, पुन्हा थेंब टाकले, उजेडात धरली. पिवळेपणाचा मागमूस नाही.

“दिसायला छान आहे की,” तो पुटपुटला.

“दिसायला शेजारची पोरगीपण छान होती,” ताई म्हणाली. “आता काविळीने अंथरुणाला खिळलीय. समोरच्या घरात दोघं आहेत. भाऊ, हे पाणी पिवळं व्हायला हवं होतं ना?”

“हो.”

“आणि मागच्या महिन्यात झालं होतं?”

तो शिलाई यंत्राच्या स्टुलावर टेकला. मग खाली बघतच म्हणाला, “मागच्या महिन्यात मी आलोच नव्हतो, ताई. अकरा वर्षांत आलो नाही. घरबसल्या लिहीत होतो.”

मला वाटलं, आता ही कात्री उचलणार. पण तिने वही उचलून त्याच्या हातात दिली. मग म्हणाली, “आज तरी खरं लिहा. त्याच्यापुढे मी सही करते.”

त्याने लिहिलं, ‘०.०’. इतकं वाकडं अक्षर त्याने जन्मात काढलं नसेल.

त्या दुपारी आम्ही गल्लीतला प्रत्येक नळ तपासला. खालच्या आठ घरांत पिवळं, नवव्यापासून पुढे काही नाही. आठव्या आणि नवव्या घराच्या मधे जलवाहिनी गटाराखालून जात होती.

अभियंता साहेबांनी वही पाहिली आणि चष्मा काढला. “अहो, शून्य लिहिलंत तर पुरवठा बंद करावा लागतो. अहवाल वर जातो. गावाची सरासरी किती उत्तम आहे आपली!”

“सरासरी कुणी पीत नाही, साहेब.”

“वरचे विचारतील, आजवर आकडे बरोबर कसे होते. काय सांगाल?”

“काय होतं तेच सांगेन.”

साहेबांनी वही आणि पेन त्याच्यापुढे सरकवलं. पण आकडा त्याने खोडला नाही.

गल्लीचं पाणी सहा दिवस बंद राहिलं. टँकरपुढे बादल्या घेऊन उभ्या राहिलेल्या लोकांनी त्याला मनसोक्त शिव्या दिल्या. गढूळ नसलेलं पाणी बंद केलं म्हणजे काय. शिव्यांचा उरलासुरला वाटा ताईला मिळाला. सहाव्या दिवशी खड्डा खणला, तेव्हा जलवाहिनीला वीतभर भेग निघाली. रोजचं पाणी येऊन गेलं की तीच भेग गटार आत ओढून घेत होती, आणि त्या घाणीतच क्लोरीन संपत होतं. टँकरपुढे सगळ्यात मोठ्याने ओरडणारे काका खड्ड्याकडे बघून म्हणाले, “मी तर आधीच म्हणत होतो.”

शेजारच्या पोरीला हिंडूफिरू लागायला दोन महिने गेले. माझ्या मालकाची एक वेतनवाढ कापली गेली आणि सेवापुस्तकात ताकीद चिकटली. नोकरीची उरलेली चार वर्षं तो रोज चालला. कुरकुरत, गुडघे चोळत, पण चालला.

तो निवृत्त झाला तेव्हा मला ताईकडे देऊन गेला. अजूनही ती मधूनमधून मला उघडते, गल्लीतल्या बायका भोवती जमतात. पण खरं सांगायची सवय लागलीय, म्हणून सांगते. माझ्या झाकणातली पट्टी उन्हाने विटलीय. कुठला पिवळा कुठला, मलाच आताशा ओळखू येत नाही. माझ्यावर विसंबू नका. खात्याकडे नवी पेटी मागा. आणि ती घेऊन कुणी दारात आलं, तर सहीला हात लावण्याआधी त्याला बसायला द्या, आणि ती तुमच्यासमोर उघडायला लावा.