सोळा इंची चाकं

माझी बायको छाया गेल्याचा फोन चुलतभाऊ रत्नदीपने केला, तेव्हा मी खालापूरला टायरच्या दुकानात होतो.

माझी आणि रत्नदीपची गाडी सारखीच. माझी उठून दिसावी म्हणून मी अठरा इंची चाकं आणि पातळ टायर बसवले होते. आमच्या पोशीर गावच्या खड्ड्यांच्या रस्त्यावर आजारी छायाला त्यांचे हादरे सोसेनात.

"मी भावजींच्या गाडीतून जाते दवाखान्यात. तुमची बघायला बरी हाय."

रत्नदीपची चाकं कंपनीचीच, सोळा इंची, टायर जाड. तिला त्याच्या गाडीत झोप लागायची. तो ते सांगायचा आणि मी जळायचो.

शेवटी माझी जुनी सोळा इंची चाकं बसवायला नेली, त्याच सकाळी दवाखान्याच्या वाटेवर तिने त्याच्या गाडीत प्राण सोडला. अजून त्याचा हेवा वाटतो.

चाकं पडवीत आहेत. बसवायची राहिली आहेत.