ओरडणारा ब्रेक

मित्रांनो, मी एक जुना ब्रेक आहे. लाकडाचे दोन जाड ठोकळे, त्यांना धरणारा लोखंडी पट्टा आणि माणसाच्या उंचीचा एक दांडा, एवढाच माझा संसार. आधीच सांगून टाकतो, मी महाघाबरट आहे. हसायचं तर खुशाल हसा. ज्याच्यावर लोकांचे जीव टांगलेले असतात, त्याने शूर होऊन चालत नाही.

आमचं गाव ढगांच्या वर आहे, उंच कड्याच्या टोकावर. पाऊस पडतो तो आमच्या खाली, त्यामुळे पाण्यासाठी ढगात उतरावं लागतं. रहाटघरात मोठा लोखंडी रहाट आहे, त्याला साखळी आणि साखळीला लाकडी पाळणा. पाळण्यात पाणके उभे राहतात. ढगात ताणून बांधलेल्या जाळ्यांपर्यंत ते जातात आणि जाळ्यांवर साचलेलं पाणी पिंपात झटकून घेतात. मग बाहेरचे गडी त्यांना वर ओढतात. जाळ्यांच्या खाली मात्र कुणी जात नाही. तिथे 'ते' राहतं. त्याला गावाने नाव ठेवलेलं नाही, कारण नाव घेतलं की त्याला ऐकू जातं म्हणे. पूर्वी एकदा पाळणा जाळ्यांच्या खाली घसरला होता. वर आली ती नुसती साखळी, शेवटची कडी ओढून सरळ केलेली.

त्या पाळण्यात आमचं रहाटघर सांभाळणाऱ्या इंजिनीअरबाईंचे वडील होते. त्यानंतर बाईंनी मला घडवलं. लाकूड निवडलं, तासलं, रहाटावर घासून पाहिलं, पुन्हा तासलं. साखळीवर पांढऱ्या रंगाची खूण केली. ती खूण रहाटाशी आली की पाळणा थांबलाच पाहिजे. दांडा ओढला की मी रहाटाला मिठी मारतो आणि जिवाच्या आकांताने ओरडतो. कर्कश ओरडतो, मान्य आहे. आजूबाजूची बाळं दचकून उठतात आणि त्यांच्या आया माझा उद्धार करतात. पण कोरडं लाकूड लोखंडाला नीट धरतंय, हे त्या ओरडण्यावरूनच कळतं. बाई डोळे मिटून ते ऐकायच्या आणि मगच श्वास सोडायच्या.

मी आल्यापासून काही वाईट घडलं नाही, आणि इथेच बाईंचं नशीब फुटकं निघालं. काही घडलंच नाही तर कौतुक कशाचं करणार? पाणके वर आले की लोक त्यांना डोक्यावर घ्यायचे. बाईंना मात्र गाव 'रहाटवाली' म्हणायचं, तेही पाणी उशिरा आलं तरच. त्यांचा नवरा पाणक्या, त्यामुळे घरातही त्याचाच तोरा. तुझं काय, दांडा ओढायचा आणि घरी यायचं, असं तो चिडवायचा. बाई हसून सोडून द्यायच्या. माझा जळफळाट व्हायचा, पण ब्रेकला विचारतो कोण?

बाईंच्या सासूबाई रहाटघराला लागून असलेल्या खोलीत राहायच्या. अतिशय मायाळू, आणि हातात कायम तेलाची वाटी. बिजागऱ्या, नातीचे केस, स्वतःचे गुडघे, जे कुरकुरेल त्याला तेल. एके दिवशी बाई साखळी तपासायला बाहेर गेल्या असताना त्या आत आल्या. माझ्यावरून हात फिरवून म्हणाल्या, "किती कोकलतोस रे बाबा रोज. कुणाचं लक्षच नाही तुझ्याकडे." आणि वाटीतलं सगळं तेल माझ्या ठोकळ्यांवर ओतलं.

मित्रांनो, माझ्याशी इतकं प्रेमाने कधी कुणी बोललं नव्हतं, आणि मी इतका कधी घाबरलोही नव्हतो. तेल लागलेला ब्रेक रहाटाला धरूच शकत नाही. पण सांगणार कसं? रहाट फिरल्याशिवाय मला आवाज नाही.

थोड्या वेळाने रहाट फिरला. पाळण्यात बाईंचा नवरा आणि आणखी दोघे होते. पांढरी खूण आली, बाईंनी दांडा ओढला, मी मिठी मारली आणि माझ्या तोंडून हूं की चूं निघालं नाही. रहाट फिरतच राहिला. खूण पुढे निघून गेली. बाईंनी माझ्यावर बोट फिरवून पाहिलं, मग दारातल्या सासूबाईंच्या रिकाम्या वाटीकडे पाहिलं.

"आई, शेगडी आणा. आणि दांड्याला लोंबकळा."

सासूबाईंनी शेगडी आणली आणि दांड्यावर अंगाचा सगळा भार टाकला. बाईंनी शेगडीतली राख निखाऱ्यांसकट ओंजळीत घेतली आणि माझ्यात व रहाटात दाबून धरली. त्यांचे हात भाजले, मीही करपलो. राखेने तेल शोषलं तेव्हा कुठे मी ओरडलो आणि रहाट थांबला.

मग साखळी हलली. दाराला कडी आहे का बघावं, तशी खालून कुणीतरी ती हळूच ओढून पाहिली. दोघींनी पकड सोडली नाही. साखळी पुन्हा सैल पडली आणि गड्यांनी पाळणा वर घेतला. तिघे जिवंत होते. पाळण्याच्या तळावर ओले ओरखडे होते. बाईंचा नवरा पाळण्यातून उतरताना एवढंच म्हणाला, "ते आमच्याकडे बघत होतं."

गावाने तिघांची मिरवणूक काढली. बाईंच्या हातांना फडकी बांधलेली पाहून कुणी विचारलं, तर शेगडीवर भाजलं म्हणायच्या. म्हातारीला गाव फाडून खाईल म्हणून त्यांनी सासूबाईंचं नाव कुणालाच कळू दिलं नाही. मग ब्रेक म्हणजे काय चीज आहे, हेही गावाला कधी कळलं नाही.

आता बाई थकल्या आहेत. त्यांच्या जागी कुणाला नेमलेलं नाही. इतक्या वर्षांत काही बिघडलं का, असं रहाटघराचे मुकादम विचारतात. काही बिघडत नाही तेव्हा कुणीतरी मरमर राबत असतं, हे त्यांना कोण सांगणार? बाई रोज सकाळी काठी टेकत येतात, मला पुसतात आणि माझा आवाज ऐकतात. काल ऐकून म्हणाल्या, ठोकळे झिजून संपलेत, नवे बसवेपर्यंत कुणी उतरू नका. लोकांना ती म्हातारपणाची बडबड वाटली. त्यांची लेक आता पाणकी आहे. आईने आता किती राबायचं, या मायेपोटी तिनेच मुकादमांना सांगून आज रहाटघराला आतून कडी घालायला लावली.

आत्ता ती पाळण्यात उभी आहे. साखळी सुटायला लागली आहे. बाहेर बाई दारावर काठी आपटत आहेत आणि आत सगळे हसत आहेत. मित्रांनो, माझ्यात आता धरायला काहीही उरलेलं नाही. तुमच्यापैकी दाराजवळ जो असेल, त्याने आधी कडी काढा. बाईंना आत येऊ द्या.