अथणीच्या तारखा

सुभेदार आकाराम पवार पलटणीतून निवृत्त होऊन कुंडलला आले आणि दुसऱ्याच वर्षी, १९९१ साली, त्यांना अथणीच्या कोर्टाचं समन्स आलं. दावा सख्ख्या धाकट्या बहिणीनं, शालूबाईनं लावला होता. आईच्या नावचं कुंडलचं दोन एकर रान आकारामांनी एकट्याच्या नावावर चढवून घेतलं होतं. तिला त्यात निम्मा वाटा हवा होता. तिचं सासर अथणीत, कर्नाटकात. नवरा लकव्यानं अंथरुणाला खिळलेला. त्याला सोडून लांब जाता येईना, म्हणून तिनं जवळच्या कोर्टात दावा लावला.

सांगलीच्या वकिलांनी कागद वाचले. "रान महाराष्ट्रात, तुम्हीही इकडचे. तिथल्या कोर्टाला या जमिनीचा अधिकार नाही. तशी हरकत घेऊ. पण निकाल होईपर्यंत तारखांना जावं लागेल."

मग आकाराम मिरजेला गाडी बदलून अथणीला जाऊ लागले. पहिल्या दोन तारखांना ते बहिणीशी बोलले नाहीत. कोर्टातलं बोलणं सगळं कानडीत. तिसऱ्या वेळी पुकारा झाला तरी ते बसूनच राहिले, तेव्हा शालूबाई हळूच म्हणाली, "दादा, ऊठ. तुझं नाव घेतलं."

तेव्हापासून ती त्यांच्या शेजारीच बसायची. साहेब काय म्हणाले ते मराठीत सांगायची. दुपारी आवारातल्या चिंचेखाली भाकरी सोडायची, दोघांपुरती आणलेली. रानाचा विषय मात्र कुणीच काढत नव्हतं.

सहाव्या वर्षी निकाल लागला. शालूबाईनं तो नीट ऐकून घेतला.

"माझा दावा परत दिलाय. सांगलीकडं लावा म्हंत्यात."

"मग लावणार?"

"ह्यास्नी टाकून तिकडं कशी येऊ? ऱ्हाऊ दे." मग ती म्हणाली, "आता तुला यायला नगं."

परतीच्या गाडीत आकारामांना सुटल्यासारखं वाटलं. पुढच्या महिन्यात वाटलं, जाऊन भेटून यावं. पण कोणत्या तोंडानं जायचं? असं म्हणता म्हणता वर्ष गेलं.

एका सकाळी शालूबाईचा मुलगा अर्जुना दारात उभा राहिला. "मामा, आईला मिरजंला दवाखान्यात ठेवलीया. चला."

ते पोचले तेव्हा शालूबाईच्या तोंडावर चादर ओढलेली होती. अर्जुना बराच वेळ भिंतीला टेकून रडला. मग म्हणाला, "मामा, आमच्या वकिलानं पयल्याच वर्षी सांगितलं हुतं, हितं ह्यो दावा टिकायचा न्हाई, काढून घ्या. आईनं काढला न्हाई. म्हणायची, दावा हाय तवर दादा येतोय."

शालूबाईला न्यायला आणलेल्या गाडीत आकारामही चढले. अथणीपर्यंत ते बहिणीच्या उशाशी बसून गेले.

तेराव्यानंतर ते कुंडलच्या तलाठ्याकडं गेले. "निम्म्या रानाला दाजींचं आन् भाच्याचं नाव लावायचं हाय."

"कोर्टाचा हुकूम आहे का?"

"न्हाई. त्या कोर्टाला अधिकार नव्हता. मला हुता. मी केलं न्हाई."

तलाठ्यानं कागद पुढं सरकवला. सही कुठं करायची ते त्यांना दोनदा दाखवावं लागलं.