खिशातला चुना

मुलाच्या खिशात हात घालायची सवय अरुणाताईंना नव्हती हो. पण जॅकेट मशीनला टाकायचं तर खिसे बघायला नकोत? बघितले, आणि हाताला लागली चुन्याची ट्यूब. पानाला लावतात तो चुना! लंडनच्या ईलिंगमध्ये राहणाऱ्या, बँकेत कॉम्प्युटर सांभाळणाऱ्या, जन्मात पान न खाल्लेल्या सुश्रुतच्या खिशात!

त्या तिथेच पलंगावर बसल्या. चार वर्षांपूर्वी, २००२ साली, त्यांचे यजमान रघुवीरराव गेले ते तोंडाच्या कॅन्सरनं. तंबाखू आणि चुना, दुसरं काही नाही. शेवटी शेवटी त्या माणसाला साधी पेज गिळता येत नव्हती. आणि आता पोटचा पोरगाही त्याच वाटेला लागला की काय?

ट्यूब होती तिथे ठेवून त्यांनी पाळत सुरू केली. मग एकेक आठवायला लागलं. गुरुवारी "पोस्टात जाऊन येतो" म्हणून गेलेला सुश्रुत दोन तासांनी उगवला होता. पोस्ट तर कोपऱ्यावर! एवढ्या वेळात माणूस साउथॉलच्या पानवाल्याकडे दोनदा जाऊन येईल. काल नवराबायको कुजबुजत होते, त्या आत गेल्या तशी दोघांची तोंडं शिवल्यासारखी बंद. आणि आज सकाळी त्याच्या अंगठ्याच्या नखात पांढरं.

"हे काय लागलंय रे?"

"पेंट आहे गं. ऑफिसमध्ये लागला."

शनिवारी कुठलं ऑफिस, मेल्या! असं अगदी ओठांवर आलं होतं. चोराला सावध कशाला करायचं?

सूनबाई मारिसोल मेक्सिकोची. पोरगी गुणी, पण आज तीही सामील दिसत होती. "आई, टुडे नो किचन," असं म्हणत तिनं हसून दार लावून घेतलं. उद्या आपला साठावा वाढदिवस आहे, त्याची काही तयारी चालली असणार, एवढं अरुणाताईंना कळत होतं. पण वाढदिवसाला चुना कशाला लागतो? शिवाय हिच्या माहेरी सणावाराला पोसोले करतात, म्हणजे मक्याचा रस्सा, आणि त्यात डुकराचं मटण. आपल्या ताटात काय पडेल याचीही आता खात्री वाटेना. पण ते नंतर बघू. ताटातलं नको असेल तर बाजूला सारता येतं, मुलाच्या तोंडातलं कसं काढणार?

दुपारी त्या वरच्या खिडकीपाशी उभ्या राहिल्या. खाली बागेत, शेडच्या आडोशाला, सुश्रुत पाठमोरा उभा होता. मान खाली. डावा तळहात वाटीसारखा धरलेला आणि त्यावर उजवा अंगठा चोळत होता. थांबून बघत होता, पुन्हा चोळत होता. अगदी बापासारखा!

अरुणाताई जिना कशा उतरल्या त्यांचं त्यांनाच कळलं नाही. पायात चपला नाहीत, ओल्या गवतातून थेट त्याच्यासमोर.

"आ कर!"

"आई, अगं..."

"आधी तोंड उघड, सुश्रुत! तुझ्या बापाला मी कधी म्हटलं नाही, तुला म्हणणार. आ कर!"

त्यानं बिचाऱ्यानं आ केला. तोंडात काही नव्हतं. अरुणाताईंनी त्याचा हात ओढला. तळहातावर मक्याचे चार टपोरे दाणे होते, अर्धी साल निघालेले. मागे शेडच्या पायरीवर पातेलंभर मका पिवळट पाण्यात बुडालेला.

आरडाओरडा ऐकून मारिसोल धावत आली. तिच्या इंग्रजीतलं अरुणाताईंना उमगेना तिथे सुश्रुत सांगत गेला. पोसोलेचा मका चुन्याच्या पाण्यात उकळावा लागतो, तेव्हाच साल सुटते आणि दाणा फुलासारखा उमलतो. उद्यासाठी मटण काढून मशरूम घातलेत, लाल रंगाला ब्याडगी मिरची. सगळं बदलता आलं, पण चुना बदलता येईना.

"आई, ओन्ली फॉर यू," मारिसोल म्हणाली. तिचे डोळे भरून आले होते.

अरुणाताईंना मेल्याहून मेल्यासारखं झालं. त्या खाली पायरीवर बसल्या, मूठभर मका घेतला आणि सोलायला लागल्या. डावा तळहात, उजवा अंगठा. दाण्यामागून दाणा भराभर मोकळा व्हायला लागला. मारिसोल बघतच राहिली.

"आई! हू टॉट यू?"

अरुणाताईंचा अंगठा थांबला.

"ह्यांची तंबाखू मीच मळून द्यायचे गं," त्या मराठीतच म्हणाल्या. "लग्न झाल्यापासून, रोज जेवणानंतर. हौसेनं द्यायचे."

मारिसोलला कळलं नाही. सुश्रुत शेजारी येऊन बसला.

"मला माहीत आहे, आई," तो म्हणाला. "म्हणून तर ट्यूब लपवली होती."

अरुणाताईंच्या गालावरून पाणी वाहत होतं. हाताला चुना होता, त्यामुळे डोळे पुसता येईनात. सुश्रुतनं आपल्या बाहीनं ते पुसले.