मागच्या दारानं ये

बावन्न साली प्रमोदिनीच्या मुलीच्या बारशाला रामबागेतली आमची सगळी गल्ली जमली. बोलावणं नव्हतं ते एकट्या सरलाला.

सरला समोरच्याच घरातली. चार महिन्यांपूर्वी तिचा नवरा पटकीनं गेला, पदरात तान्हा नंदू. इकडे प्रमोदिनी बाळंत झाली ती तापानं फणफणूनच. दूध आलं नाही. तेव्हा तिच्या सासूबाई, रमाकाकू, स्वतः सरलाच्या दारात गेल्या. "पोरीला वाचव गं बाई!" अकरा दिवस सरलानं नंदूला अर्धपोटी ठेवून ती पोर पाजली. तेव्हा नाही कुणाला अपशकुन दिसला!

बारशाच्या सकाळी मात्र काकूंनी तिला निरोप धाडला, "आज सवाष्णींचं काम आहे. पोर रडलीच तर बोलावीन. मागच्या दारानं ये."

संध्याकाळी पाळणा सजला, घुगऱ्या वाटल्या, आणि पोरीनं टाहो फोडला. मध चाटवला, साखरपाणी दिलं, छे! काकू माझ्या कानाशी आल्या. "यशोधरा, सरलाला मागून आण. चुपचाप पाजून जाईल, कुणाला मालूम पण नाही पडणार."

प्रमोदिनीनं ते ऐकलं.

"आई, तिचं दूध चालतं आणि तोंड चालत नाही?"

"रीत आहे ती. खालीपीली तमाशा नको करूस!"

"तमाशा तुम्ही मांडलाय. माझी मुलगी चोरून दूध पिणार नाही."

भिंत धरत ती उठली. पोरीला छातीशी घेऊन पुढच्या दारानं, सगळ्यांदेखत, सरलाकडे गेली. गल्ली केवढीशी, दारं उघडी, सगळं ऐकू येत होतं.

"अगं वेडे, अंगात ताप आहे तुझ्या! मला बोलवायचंस. आले असते की मी मागून."

"आली असतीस, ठाऊक आहे. म्हणून तर मीच आले. घे हिला. आणि कानात नावही तूच सांग."

आणि आम्ही? वीस-बावीस शिकल्यासवरल्या बायका, त्याच वर्षी सरलाबरोबर एका रांगेत उभ्या राहून मतं देऊन आलेल्या, रिकाम्या पाळण्यापुढे घुगऱ्या घेऊन बसलो होतो. एकीनं ब्र काढला नाही. मीही नाही. आणि माझ्या दोन्ही बाळंतपणांत माझ्या उशाशी सरलाच बसली होती. लाज वाटते सांगायला.

मी घुगऱ्या खाली ठेवल्या आणि चपला शोधू लागले.

"कुठे गं निघालीस, यशोधरा?" काकू कडाडल्या.

"बारशाला," मी म्हटलं.