चौथी ओळ

वर्गाच्या दाराबाहेर एक मुलगी, मान खाली.

एक लहान नाणं, एक मोठं.

चहावर साय धरलेली. कुणी हात लावलेला नाही.

बाबांचे सदरे, घडी विस्कटलेली.

ताई ते सदरे पिशवीत कोंबत होती. बाबांना आता एकटं सोडता येत नव्हतं, आणि ते कुणाकडे राहणार हे दादाने नाण्यांवर सोडलं होतं. दोन्ही छापे आले तर दादाकडे. दोन्ही काटे आले तर धाकट्याकडे. एक छापा, एक काटा आला तर ताईकडे. "तिघं आपण, तीन निकाल. नंतर कुणाची रड नको." ताईने मान डोलावली होती. मग लहान नाण्यावर छापा पडला, मोठ्यावर काटा. बाबा ताईकडे, कायमचे. म्हणजे तिची शाळेतली नोकरी गेली.

सदरा कोंबता कोंबता तिचा हात थबकला. आठवीला दर वर्षी ती हेच तर शिकवायची, एकेका ओळीत एकेक निकाल लिहून! मस्तकात तिडीक गेली. पिशवी तशीच फरफटत ती बाहेर आली.

"लहानावर छापा, मोठ्यावर काटा, ही एक ओळ. लहानावर काटा, मोठ्यावर छापा, ही दुसरी. दादा, निकाल तीन नाहीत, चार आहेत. त्यातले दोन माझ्या गळ्यात!"

"एक छापा, एक काटा. त्यात कसलं मागंपुढं?" दादा म्हणाला. "घरात शाळा घेऊ नकोस."

"हरल्यावर बरं गणित आठवलं," धाकटा हसला. "मी दादाला कालच म्हणालो होतो, ताई पकडणार म्हणून..."

दादाने डोळे वटारले. पण व्हायचं ते होऊन गेलं होतं.

"म्हणजे दोघांना ठाऊक होतं?"

"तुझं घर मोठं आहे गं," दादा पुटपुटला.

"मग तसं तोंडावर सांगायचंस! मी भांडले असते, पण निदान माणसांशी भांडले असते. चल, उचल नाणी. एक छापा, एक काटा यातली एकच ओळ माझी. चौथी बाबांची. ती आली तर ते म्हणतील तिकडे."

"त्यांना कशाला मध्ये आणतेस?"

"त्यांना? अरे, सगळं त्यांचंच तर चाललंय!"

आतल्या खोलीतून खाकरल्याचा आवाज आला.

"माझ्या खिशातली नाणी आहेत ती," बाबा म्हणाले. "आणा इकडे."

धाकट्याने मुकाट्याने नेऊन दिली. बाबांनी ती उशीखाली सारली.

"आता बोला. तिघंही, माझ्यासमोर."

मग ताईने खुर्ची बाबांच्या दारापर्यंत ओढत नेली, फरशीवर करकर वाजवत, आणि तिच्यावर बसली.

"दादा, तू सुरुवात कर. तुझ्याकडे का नको?"

त्या दिवशी सकाळी, दोन नाण्यांचे तीनच निकाल लिहिले म्हणून ताईने एका मुलीला वर्गाबाहेर उभं केलं होतं.