उकंडरावांचं टीव्हीतलं तोंड

उकंडराव टीव्हीवर तीनदा चमकले. चाळीस वर्षांपूर्वी शेतीच्या कार्यक्रमात नाटुकली दाखवत. त्यांत एकदा शेजारी, एकदा वरबाप आणि शेवटी बियाणं न पाखडता पेरणारा गडी, अशी कामं त्यांनी केली. बाभुळगावाजवळच्या गावातून एसटीनं नागपूरला जायचं, काम करून परत यायचं, झाली कारकीर्द. पण ऐट अशी, की अजून पारावर ताठ बसतात.

गंमत म्हणजे त्यांनी स्वतःला कधी पाहिलंच नव्हतं. गावात टीव्ही एकच, रामरावांकडे, आणि त्यात चित्र यायचं ते उकंडरावांनी छतावर चढून अँटेना धरली तरच. दुसऱ्या कुणी धरली की नुसत्या मुंग्या. खाली गाव ‘दिसला, दिसला’ करी आणि नट आपला वर दांडा धरून उभा. उतरले की बायकोला विचारत, कसा दिसलो?

रुखमाबाई सांगे. तिसऱ्या वेळी तर तिनं कमालच केली. कॅमेरा पार तोंडाशी आला, मालक रागावला तसे तुमचे डोळे भरले, बाया डोळ्यांना पदर लावत होत्या! सगळं मनचं. नवरा पडेल या धास्तीनं ती तिन्ही वेळा बाहेर शिडी धरून उभी होती. कार्यक्रम संपला की पटकन बायांत जाऊन बसे. पण उकंडरावांना ते वर्णन इतकं आवडलं, की दर दिवाळीला पुन्हा सांगायला लावत.

परवा नात उर्वशी यवतमाळहून आली ती मोबाइल नाचवतच. कुणीतरी ते तिसरं नाटुकलं इंटरनेटवर टाकलं होतं. रुखमाबाईची चाळीस वर्षांची थाप आता घरादारासमोर उघडी पडणार. तिनं आधी जेवून घ्या म्हटलं, मग चार्जिंग संपेल म्हटलं, पण ऐकतो कोण.

नाटुकलं दोन मिनिटांचं. मालकाचं तोंड स्पष्ट, मिशीसकट. उकंडरावांची दिसली ती पट्ट्यापट्ट्यांच्या सदऱ्यातली पाठ, सुरुवातीपासून शेवटपर्यंत.

‘‘आजी, आबाचं तोंड कुठं आहे?’’ उर्वशीनं विचारलं.

रुखमाबाईला मेल्याहून मेल्यासारखं झालं. तिनं मान खाली घातली. ‘‘म्या पाह्यलंच नाही. मी शिडी धरून होती.’’

उकंडराव हसायला लागले ते थांबेनात. ‘‘मले काय मालूम नाही? वरून टीव्ही दिसे ना, पण तू दिसे. अन् कॅमेरा तं माह्या पाठीमांगंच होता.’’

‘‘मंग दरसाली मले काहून इचारत होते?’’

‘‘तू सांगे तवाच माह्यं तोंड दिसे.’’

रुखमाबाईचे डोळे भरून आले. तिनं उर्वशीच्या हातातला मोबाइल घेऊन उपडा ठेवला आणि नीट मांडी घालून बसली.

‘‘ऐका मंग,’’ ती म्हणाली. ‘‘कॅमेरा आला तुमच्या तोंडापाशी...’’